हद्द ठरवणारे आगटेकाका

ऑकलंडला उतरलो त्याच दिवशी मी आयुष्यातला पहिला करार केला. तोही एका साठीच्या, टक्कल पडलेल्या, ढगळ स्वेटर घातलेल्या पुरुषाशी. आणि करार कसला, तर आम्ही दोघं जोडपं नाही, असा!

हसू नका. माझी तेव्हाची अवस्था ऐका आधी. नाशिकहून निघाल्यापासून डोळ्याला डोळा लागला नव्हता, पाय सुजले होते, आईनं बांधून दिलेला खाऊ विमानतळावर काढून घेतला होता, आणि माउंट रॉस्किलच्या एका लाकडी घराच्या स्वयंपाकघरात मी बॅगा घेऊन उभा होतो. घरमालक आगटेकाका टेबलापाशी बसले होते. मला वाटलं, आता हा माणूस चहा विचारेल. त्यांनी पेन पुढं केलं.

"चहा नंतर. आधी सही कर."

कागदावर मराठीत आणि खाली इंग्रजीत लिहिलं होतं, की सही करणारे दोघे एका छपराखाली राहत असले तरी ते पतिपत्नी, जोडीदार अथवा तत्सम काहीही नाहीत, आणि पुढेही होणार नाहीत.

"काका, हे लिहून कशाला द्यायला हवं? बघणाऱ्याला कळतंच की!"

"बघणाऱ्याला कळतं, कोर्टाला सांगावं लागतं. इथल्या कायद्यात दोन पुरुषही जोडपं असू शकतात. आणि जोडपं म्हणून तीन वर्षं एकत्र राहिलं की घर निम्मं. तुझा कोर्स केवढा?"

"दोन वर्षांचा."

"मग नोकरी शोधशील, तोवर इथेच राहशील. झाली की तीन! हद्द आधी ठरलेली बरी."

मी सही केली. काय करणार, बाहेर पाऊस होता आणि मला चहा हवा होता. संध्याकाळी आईचा फोन आला. मालक कसे आहेत रे, माणूस सरळ आहे ना, असं तिनं काळजीनं विचारलं. म्हटलं, सरळ आहेत आई, तसं लिहूनच दिलंय त्यांनी.

आता तुम्हाला वाटेल, हा माणूस वकील असणार. छे! मनोहर आगटे जमीन मोजणारे. सर्व्हेअर. तरुणपणी इकडे आले आणि उभी हयात ऑकलंडभर तिपाई खांद्यावर घेऊन हिंडले. लोकांच्या प्लॉटच्या कोपऱ्यात लाकडी खुंट्या ठोकायचं काम. "माणसं जमिनीवरून भांडत नाहीत रे पाटणकर, खुंटी कुठे आहे ते माहीत नसतं म्हणून भांडतात," हे ते येताजाता म्हणत. निवृत्त झाल्यावर मोजायला जमिनी उरल्या नाहीत, मग त्यांनी माणसांच्या संसाराला हात घातला.

सुरुवात घरापासून. फ्रीजमध्ये एक कप्पा माझा, एक त्यांचा आणि मधला सामाईक. प्रत्येक डब्यावर पांढरी पट्टी आणि तिच्यावर नाव. मीठ, हळद, मोहरी सामाईक. हिंग मात्र काकांचा स्वतंत्र. एकदा घाईत मी माझ्या आमटीला त्यांचा हिंग घातला. काका आले, त्यांनी पातेल्यावरचं झाकण उचललं, वास घेतला आणि माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, आता निघतोय आपल्या नावाचा पंचनामा.

"आता ही आमटी सामाईक झाली," ते म्हणाले, आणि ताट घेऊन समोर बसून निम्मी आमटी जेवले. कायद्यातही असंच असतं म्हणे. तुमचं स्वतंत्र काही दोघांच्या सामाईकात मिसळून गेलं, की ते पुन्हा वेगळं काढणं अवघड. हा कायदा मला कुठल्याही वकिलापेक्षा त्या आमटीनं नीट समजावला.

शेजारी टोंगा बेटांवरून आलेलं एक कुटुंब होतं. त्यांच्या लिंबाच्या झाडाची फांदी कुंपणावरून आमच्याकडे आली होती आणि लिंबं आमच्या गवतावर पडायची. दुसरा कुणी असता तर गुपचूप लोणचं घातलं असतं. काका बादली भरून लिंबं परत न्यायचे. शेजारचा सिओने, दार भरून उभा राहणारा माणूस, दर वेळी हसायचा आणि म्हणायचा, "कीप इट, ब्रो. स्वीट ॲज!" म्हणजे ठेव रे, काही हरकत नाही. काका म्हणायचे, मग एकदा लेखी दे. शेवटी त्याच्या आईनं वैतागून सरबत करून जगच आणून दिला. ते पिताना काकांच्या चेहऱ्यावर जी बेचैनी होती ती बघून मला हसू आवरेना.

पण खरी मजा लग्नांत. इथली मराठी लग्नं म्हणजे कम्युनिटी हॉल, भाड्यानं आणलेला अंतरपाट आणि सगळ्यांनी वाटून घेतलेली कामं. काका प्रत्येक लग्नाला जात. अक्षता पडल्या की रांगेत उभे राहत, स्टेजवर चढत, नवरा नमस्काराला वाकला की त्याच्या कानाशी लागत आणि विचारत, "करार झाला का?" नेमका तेव्हाच फोटोग्राफर बटण दाबायचा. ऑकलंडमधल्या कितीतरी अल्बमांत एक फोटो असा सापडेल, की नवरी हसतेय, नवरा पांढराफटक पडलाय आणि मध्ये आगटेकाका समाधानानं उभे आहेत. पुढे पुढे लोक त्यांना लग्नाला बोलवेनासे झाले. फक्त बारशाला बोलवायचे. तिथे जाऊन ते मृत्युपत्राचं विचारू लागले!

मग माझी पाळी आली. केतकी माझी मैत्रीण, ठाण्याची, इथे फिजिओथेरपिस्ट. आम्ही लग्न करणार हे कळल्याबरोबर काकांनी तिला चहाला बोलावलं. मी आधीच तिला सांगून ठेवलं होतं, की म्हातारा काहीबाही विचारेल, मनावर घेऊ नकोस. काकांनी प्रश्न सुरू केले. तुझं काय आहे? याचं काय आहे? कर्ज कुणाच्या डोक्यावर? घरी पैसे कोण पाठवणार? मूल झालं आणि तू नोकरी सोडलीस तर तुझ्या वाट्याला काय? मला वाटलं, केतकी उठून जाईल. तिनं खुर्ची पुढे ओढली.

त्या दुपारी मला कळलं, की केतकी दर महिन्याला आईला पैसे पाठवते आणि लग्नानंतरही पाठवणार आहे. तिला कळलं, की नाशिकचा फ्लॅट माझ्या एकट्याचा नाही, त्यात भावाचंही नाव आहे. किती दिवस आम्ही बरोबर फिरत होतो, समुद्रावर जात होतो, तासन्‌तास बोलत होतो, आणि यातलं अवाक्षर कधी निघालं नव्हतं. मी चिडलो, ती रडली, काकांनी पोहे केले.

"लग्नाआधी जे बोलायची लाज वाटते तेवढंच करारात लिहितात," काका म्हणाले. "बाकी सगळं प्रेमानं करा की, कोण अडवतंय?"

आम्ही करार करतोय हे आईला फोनवर सांगितलं तर ती देवासमोर जाऊन बसली. शुभकार्याआधी मोडायच्या गोष्टी कसल्या करता रे मेल्यांनो, म्हणाली. बाबा मात्र हळूच म्हणाले, चांगलं आहे, आमच्या वेळी असतं तर. ते वाक्य आईनं ऐकलं, आणि पुढचा आठवडाभर नाशिकमध्ये काय झालं ते मला माहीत नाही.

या करारातला एक नियम काकांच्या विशेष आवडीचा. दोघांना दोन वेगळे वकील लागतात, एक चालत नाही. आणि वकिलानं आपल्या माणसाला समोर बसवून सगळं समजावायचं, त्यानं खाली सही करायची, की हो, मी समजावलं. त्याशिवाय तो कागद कोर्टात टिकणं कठीण. "त्या वेळी खोलीत दुसरं कुणी नको," काका बजावून सांगत. "नवरा नको, सासू नको, आगटे तर नकोच नको." आम्ही तसंच केलं. आज संसाराला काही वर्षं झाली, तो कागद कपाटात कुठे आहे तेही आठवत नाही, पण त्या टेबलावरचं बोलणं आम्हाला अजून कामी येतं. हे मी काकांसमोर कधी कबूल केलं नाही. केलं असतं तर त्यांनी लेखी मागितलं असतं.

लग्नानंतर आम्ही जवळच भाड्यानं राहायला गेलो. काकांनी दुसरा भाडेकरू ठेवला नाही. विचारलं तर म्हणायचे, आता कुणाला नव्यानं समजावत बसू? मी अधूनमधून जायचो. रेडिओ चालू असायचा, स्वयंपाकघरात एकच ताट विसळून पालथं घातलेलं असायचं. मला पाहिल्यावर ते इथल्या माओरी पद्धतीनं मोठ्यानं "किया ओरा, पाटणकर!" म्हणायचे आणि मग इतकं बोलायचे, इतकं बोलायचे, की दिवसभरात दुसऱ्या कुणाशी बोलले नसणार हे उघड कळायचं. मला फार वाईट वाटायचं. पण मीही घाईत असायचो, निघायचो.

त्यांच्या बायकोबद्दल इथल्या मराठी लोकांत एकच कथा होती. शैलाकाकू त्यांना सोडून गेल्या, निम्मं घर घेऊन गेल्या, तेव्हापासून याच्या डोक्यावर परिणाम झाला. ज्याला त्याला पाठ होती. काकांनी ती कधी खोडून काढली नाही.

अशात निर्मलाताई आल्या. साताऱ्याच्या. तिकडे शिवणाचा क्लास चालवायच्या, यजमान जाऊन बरीच वर्षं झालेली. मुलगा महेश इथे, सूनही नोकरीला, म्हणून नातीला सांभाळायला आलेल्या. रविवारच्या भाजीबाजारात मेथीची एकच जुडी उरली होती आणि तिच्यावर दोन हात एकदम पडले. एक काकांचा, एक ताईंचा. काका म्हणाले, आधी कुणाचा हात पडला ते बघायला हवं. ताईंनी जुडीचं रबर सोडलं, निम्म्या काड्या काकांच्या पिशवीत कोंबल्या आणि म्हणाल्या, "घ्या. केवढा विचार करता हो मेथीचा!"

काका ती मेथी घेऊन तडक आमच्या घरी आले. अशी बाई आपण पाहिली नाही म्हणाले. संध्याकाळी मी फोन करून विचारलं, भाजी कशी झाली? "न्याय्य झाली," म्हणाले.

मग दोघं रोज सकाळी जवळच्या डोंगराला फेरी मारू लागले. ताई नऊवार नव्हे पण चापूनचोपून साडी, खाली मुलाचे जुने बूट आणि वर त्याचंच निळं जाड जॅकेट. काका शेजारून हातवारे करत. नातीला मराठी सगळं समजायचं, उत्तर इंग्रजीत. काकांना पाहिलं की घरात ओरडायची, "आजी, युअर वॉकिंग फ्रेंड इज हिअर!" आणि ताई लाजायच्या. हो, चक्क लाजायच्या. केतकीनं पाहिलंय.

काका बदलले. अळूची पानं आणून केतकीला अळूवडी कशी करायची ते विचारायला लागले. स्वयंपाकघरात दुसऱ्या खुर्चीवर उशी आली. एक दिवस मी फ्रीज उघडला तर डब्यांवरच्या पट्ट्या गायब, आणि हिंगाची डबी मधल्या कप्प्यात! मी तिथल्या तिथे केतकीला फोन केला, की बाई गं, काकांचा हिंग सामाईक झाला.

त्यानंतर थोड्याच दिवसांत काका म्हणाले, "कच्चा मसुदा तयार आहे."

"कशाचा?"

"आमचा. माझा आणि निर्मलाताईंचा. एकत्र राहायचं म्हणतो."

मी त्यांना मिठीच मारली. त्यांना ती कुठे ठेवावी ते कळेना, पण आनंद झाला असावा. ताईंच्या व्हिसाची मुदत संपत आली होती, पण इथेच राहायचं ठरलं तर पुढचा मार्ग निघाला असता. प्रश्न महेशचा होता. तो बिचारा आधी गांगरला आणि मग त्यानं रोखठोक विचारलं, की म्हणजे उद्या आईचं साताऱ्याचं घर निम्मं तुमचं होणार का? दुसरा असता तर दुखावला असता. काकांचा चेहरा उजळला. इतका समंजस प्रश्न त्यांना आजवर कुणी विचारला नव्हता.

काका आणि महेश टेबलाशी बसले ते बसलेच. मीही होतो. साताऱ्याचं घर पूर्ण ताईंचं. ताईंचं शिवणयंत्र ताईंचं. इकडचं घर काकांचं, पण काकांच्या मागे ताईंना तहहयात तिथे राहता येईल, हे कलम चार. ते काकांनी स्वतःहून घातलं होतं. महेश खूश, काका खूश. ताई आतबाहेर करत होत्या.

"ताई, कलम चार ऐकलंत ना?"

"ऐकलं हो. साखर घालू का अजून?"

मला तेव्हा काही खटकलं नाही. खरं तर मीही पोहे खात होतो.

ताईंसाठी वकील शोधली ती ओटाहुहुला, स्टेशनजवळच्या दुकानांच्या वरच्या मजल्यावर. फिजीची भारतीय बाई, हिंदी बोलणारी. ताईंना मी घेऊन गेलो. काका त्याच गाडीत यायला तयार नाहीत. "प्रभाव पडतो," म्हणाले. पण घरीही बसवेना. मग ते ट्रेननं आले आणि स्टेशनवरच्या बाकावर बसून मला फोन करत राहिले.

"आत गेल्या का?"

"गेल्या."

"तू कुठे आहेस?"

"खाली बेकरीत, चहा पितोय."

"आत जाऊ नकोस हां. प्रभाव पडतो."

बऱ्याच वेळानं ताई जिना उतरून आल्या. डोळे लाल होते. म्हणाल्या, मला आगट्यांच्या घरी सोड. मग गाडीत बसता बसता म्हणाल्या, "आणि त्यांनाही घे बरोबर. स्टेशनवर बसलेत ना? मला माहितीये." काका मागे बसले, ताई पुढे.

स्वयंपाकघरात शिरल्या शिरल्या काकांनी विचारलं, "सही झाली?"

"नाही केली."

"कलम चार ना? मला वाटलंच होतं. तिथे भाषा जरा..."

"अहो, ऐका तरी! बाई चांगली होती. सगळी कलमं एकेक करून समजावली. मग तिनं पेन बाजूला ठेवलं आणि विचारलं, माँजी, आपको क्या चाहिए? आपको इनके साथ रहना है?" ताईंनी पदर डोळ्यांना लावला. "मला रडूच आलं हो. माझं लग्न वडिलांनी ठरवलं, क्लास काढायचं यजमानांनी ठरवलं, इकडचं तिकीट महेशनं काढलं. मला काय हवं हे कुणी विचारलंच नव्हतं. आणि मग लक्षात आलं, तुम्हीसुद्धा नाही विचारलंत."

"मी? अहो, सगळा मसुदा दोनदा वाचून दाखवला!"

"मसुदा वाचलात. महेशला विचारलंत, मान्य आहे का. मी चहा करत होते."

ताई उशीच्या खुर्चीवर बसल्या, हात मांडीवर ठेवले आणि म्हणाल्या, "आता विचारा."

मी फ्रीज आणि दार यांच्या मध्ये अडकलो होतो. निघावं तर मधून जावं लागणार. मी डोळ्यांनी काकांना म्हणत होतो, अहो विचारा, विचारा ना बाबा! ताई वाट बघत होत्या. काकांनी डोक्यावरून हात फिरवला. घसा साफ केला. खिडकीबाहेर बघितलं.

"मी काय म्हणतो," ते म्हणाले, "त्यात असं एक कलम घालून घेऊ या का, की प्रस्तुत व्यवस्था उभयतांच्या इच्छेनं..."

ताई उठल्या. पर्स घेतली. "राहू द्या," म्हणाल्या. "सोड रे मला घरी."

त्यांना सोडून मी तसाच परत आलो आणि काकांवर तुटून पडलो. काय माणूस आहात तुम्ही! दुनियेच्या लग्नात जाऊन कानात बोलता, आणि स्वतःच्या वेळी दातखीळ बसते? एक वाक्य होतं, एक! मी बराच वेळ ओरडलो असणार. काका त्याच जागी बसून होते.

"शैलानं निम्मं घर नेलं म्हणतात ना सगळे?" ते म्हणाले. "तिनं एक चमचा नेला नाही, पाटणकर. आमचा करार होता. माझाच आग्रह. ती म्हणाली, मला इथे करमत नाही, मी जाते. मी म्हटलं, ठीक आहे, तुझा हक्क आहे. तिनं खोकी भरली. मी त्यांना टेप लावून दिली. नीट, कोपरे दुमडून. मग ती दारात उभी राहिली, बराच वेळ. मला वाटलं, काही राहिलंय का हिचं? सगळं तर दिलं. थांब म्हणायचं राहिलं होतं. ते तेव्हा सुचलं नाही रे."

"आणि आज?"

"आज सुचलं होतं. पण आपण म्हणायचं आणि समोरचं माणूस नाही म्हणालं तर? तिथे कुठला वकील येतो?"

माझा राग कुठल्या कुठे गेला. मी दोघांना चहा केला. त्यांनी तो घेतला नाही.

पुढचे दिवस वाईट गेले. फेऱ्या थांबल्या. ताईंची परतीची तारीख ठरली. काका आमच्याकडे जेवायला यायचे आणि पानावर नुसते बसायचे. केतकी म्हणायची, तुम्ही जाऊन बोला ना. ते म्हणायचे, बघतो. मला कळून चुकलं होतं, की हा माणूस बघतच राहणार आणि ती बाई निघून जाणार, आणि हा पुन्हा त्या एका ताटासमोर बसणार.

निघायच्या दिवशी सकाळी त्यांचा फोन. "गाडी घेऊन ये. महेशला बॅगांचा काटा द्यायचाय. वजन जास्त भरलं तर विमानतळावर पंचाईत."

महेशच्या दारात बॅगा बाहेर काढल्या होत्या. काकांनी हातातल्या काट्याला एक बॅग लटकवली, वजन बघितलं, ठेवली. दुसरी लटकवली. मग पुन्हा पहिली. महेश म्हणाला, काका, उशीर होतोय. नात गाडीत बसली होती. ताई निळ्या जॅकेटमध्ये पायरीवर उभ्या होत्या, काकांकडे न बघता.

"निर्मलाताई."

"हं?"

"जाऊ नका."

महेशचा बॅग उचलणारा हात तसाच राहिला. गाडीतून आवाज आला, "डॅड, इज आजी नॉट गोइंग?"

"मला तुम्ही हव्या आहात," काका म्हणाले. "कलमबिलम काही नाही. सकाळी उठलो की घरात कुणी नसतं, मला ते आता सहन होत नाही. मला भीती वाटते. जाऊ नका, एवढंच."

ताई पायरी उतरून आल्या. त्यांनी काकांच्या हातातून काटा काढून घेतला आणि बॅगेवर ठेवला.

"हे त्या दिवशी म्हणाला असतात ना, तर लगेच परत जाऊन सही केली असती."

"मग आता?"

"आता तसं नाही राहिलं. त्या बाईनं विचारलं, तेव्हापासून मी स्वतःलाच विचारतेय, मला काय हवंय. मला माझ्या घरी जायचंय. माझ्या घरात, माझी मी राहून बघायचंय. कुणी ठरवलं म्हणून नाही. पण विचारलंत, बरं वाटलं. फार बरं वाटलं हो."

"म्हणजे नाहीच?"

"नाही. रागावू नका."

मला वाटलं, आता काका म्हणणार, तुमचा हक्क आहे. त्यांचे ओठ तसे हललेही. पण ते म्हणाले, "वाईट वाटतंय मला."

"मलाही," ताई म्हणाल्या आणि गाडीत जाऊन बसल्या. महेशनं जाता जाता काकांच्या खांद्यावर हात ठेवला. गाडी वळणावरून गेली तरी काका फुटपाथवर उभेच होते. मी दंडाला धरून त्यांना माझ्या गाडीत बसवलं.

"आमच्याकडेच चला," मी म्हटलं. "केतकीनं वरणभात लावलाय. एकटं नका बसू आज."

"नको, घरी सोड."

"अहो काका..."

"वाईट वाटतंय ना, वाटू दे. शैला गेली त्या दिवशी मी खोकी पोचवली आणि तसाच कामावर गेलो होतो. दिवसभर कुणाचा तरी प्लॉट मोजत होतो. रडायचं राहूनच गेलं."

त्यांनी चष्मा काढला. मी गाडी त्यांच्या घराकडे घेतली.